गेर्शोम: 'तिथला उपरा' या नावाचा अर्थ

(जाहीर व्याख्यानाचं शब्दांकन. बोलण्याची ढब शक्य तिथे तशीच राहू दिली आहे.)



आजचं व्याख्यान एका नावावर आहे. नाव मुलाचं, हिब्रू भाषेतलं, आणि ज्यू समाजातही फारसं न ठेवलं जाणारं: गेर्शोम. मराठी बायबलमध्ये ते 'गेर्षोम' असं छापलेलं सापडेल. एका नावावर तासभर काय बोलणार, असं आमच्या घरीही विचारलं गेलं. त्यावर आमचं म्हणणं असं की हा विषय आम्ही शोधून काढलेला नाही, तो आमच्याकडे चालत आला. आणि आला तेव्हा आम्ही त्याला चुकीचं उत्तर देऊन परत पाठवलं. आजचं व्याख्यान ही त्या चुकीची दुरुस्ती समजा.

झालं असं. आमची एक जुनी विद्यार्थिनी अमेरिकेत असते. तिचे यजमान ज्यू आहेत. तिला मुलगा होणार होता. पूर्व आणि मध्य युरोपातून आलेल्या ज्यू घरांत, ज्यांना अश्केनाझी म्हणतात, घरातल्या दिवंगत माणसाचं नाव नव्या बाळाला देण्याची रीत आहे. सासरच्यांची इच्छा होती की पणजोबांचं नाव चालवावं. पणजोबा गेर्शोम. हिने नावांच्या एका यादीत अर्थ पाहिला. यादीत एकच शब्द: 'परका'. दुसऱ्या यादीत पाहिलं, तिथे 'हद्दपार'. रात्री तिचा आम्हाला फोन. म्हणाली, "सर, मी स्वतः इथे परकी. आता पोटच्या पोराला रोज 'परक्या, जेवायला ये' अशी हाक मारू का?"

आम्ही चाळीस वर्षं तत्त्वज्ञान शिकवलेला माणूस. उत्तर तयार होतं. म्हटलं, "अगं, विशेषनामाला अर्थ नसतो. मिल वाचलायस ना? बिनधास्त ठेव." ती जरा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, "सर, मग नकुशीलाही अर्थ नसतो का?"

याला आमच्याकडे उत्तर नव्हतं. फोन ठेवला आणि लक्षात आलं की पाठ असलेलं उत्तर आपण न विचारलेल्या प्रश्नाला दिलं.

आधी मिलचं काय म्हणणं ते पाहू, म्हणजे त्याच्यावर अन्याय नको. जॉन स्टुअर्ट मिल याने १८४३ साली 'अ सिस्टिम ऑफ लॉजिक' हा ग्रंथ लिहिला. त्यात तो म्हणतो की विशेषनाम वस्तूकडे निर्देश करतं, तिचा कुठलाही गुण सांगत नाही. त्याचं उदाहरण डार्टमथ गावाचं. डार्ट नदीच्या मुखाशी आहे म्हणून डार्टमथ. पण समजा उद्या नदीचं मुख वाळूने बुजलं किंवा भूकंपाने पात्रच बदललं, तर गावाचं नाव बदलावं लागत नाही. म्हणजे नावात अर्थ होता तो नाव ठेवणाऱ्याच्या मनात, नावाच्या कामात नव्हे. पुढे सॉल क्रिप्की याने १९७० साली प्रिन्स्टनला दिलेल्या व्याख्यानांत हाच धागा वेगळ्या तऱ्हेने पुढे नेला. नाव एकदा ठेवलं जातं, मग ते एकाकडून दुसऱ्याकडे जात राहतं. त्या माणसाबद्दलची वर्णनं खोटी ठरली तरी नाव त्यालाच चिकटून राहतं. आपल्याकडे हे सगळं एका ओळीत सांगितलेलं आहे: नाव सोनुबाई, हाती कथलाचा वाळा. म्हण काढणारीने मिल वाचला नव्हता, पण सोनुबाई या नावातून सोन्याबद्दल काहीही निष्पन्न होत नाही हे तिला पक्कं ठाऊक होतं.

तर मिल चुकला नाही. पण त्याचा प्रश्न असा होता की आधीच ठेवलेलं नाव वाक्यात काय काम करतं. आमच्या विद्यार्थिनीचा प्रश्न असा होता की नाव ठेवताना आपण काय करतो. हे दोन प्रश्न वेगळे आहेत. नाव ठेवणं ही कृती आहे. त्या कृतीत आई-बाप एक वाक्य उच्चारतात आणि ते मुलाच्या अंगावर ठेवून देतात. २०११ साली सातारा जिल्ह्यात अडीचशेहून अधिक 'नकुशी' मुलींना जाहीर कार्यक्रमात नवी नावं देण्यात आली. नकुशी, म्हणजे नको असलेली. मिलच्या हिशेबाने ती नुसती खूण. पण शाळेत हजेरीला रोज ते नाव ऐकणाऱ्या मुलीला विचारा. तिला त्यात बापाचं वाक्य ऐकू येतं, आणि ते वाक्य तिच्याविषयी असतं.

मग खरा प्रश्न असा: गेर्शोम हे नाव नकुशीच्या जातीचं आहे का? याचं उत्तर यादीतून मिळणार नाही. ते वाक्य मुळात कोणी, कुठे, कोणाविषयी उच्चारलं, तिथे जाऊन पाहावं लागेल.

तर चला निर्गमाच्या पुस्तकात, दुसऱ्या अध्यायात. मोशे हा जन्माने हिब्रू, वाढलेला इजिप्तच्या राजवाड्यात. एका हिब्रू मजुराला मारणाऱ्या इजिप्शियन माणसाचा त्याच्या हातून खून होतो, फारो जिवावर उठतो, आणि हा पळून मिद्यानात येतो. एका विहिरीपाशी बसतो. तिथल्या पुरोहिताच्या सात मुली मेंढरांना पाणी पाजायला येतात. धनगर येऊन त्यांना हुसकून लावतात. मोशे उठतो, त्यांची बाजू घेतो, मेंढरांना पाणी पाजतो. मुली घरी जाऊन बापाला सांगतात की एका इजिप्शियन माणसाने आम्हाला सोडवलं. इजिप्शियन! ज्या इजिप्तमध्ये तो आपला नव्हता, तिथला म्हणून इथे त्याची ओळख. पुढे त्यांतल्या सिप्पोराशी त्याचं लग्न होतं, मुलगा होतो, आणि बाविसाव्या वचनात मोशे त्याचं नाव गेर्शोम ठेवतो. कारणही देतो: आपण परमुलखात उपरे होतो.

आता जरा सावकाश.

पहिला शब्द 'गेर'. यादीवाले याला 'परका' म्हणतात आणि मोकळे होतात. पण हिब्रूत बाहेरच्या माणसासाठी दोन वेगळे शब्द आहेत. 'नोख्री' म्हणजे निव्वळ परका, जो आला आणि गेला, ज्याचा इथल्या जगण्याशी संबंध नाही. 'गेर' म्हणजे दुसऱ्यांच्या वस्तीत येऊन राहिलेला. त्याची जमीन नाही, पाठीशी भाऊबंद नाहीत, पण तो राहतो, राबतो, आणि त्याला न्यायाने वागवणं ही वस्तीची जबाबदारी मानली जाते. गंमत अशी की मोशेच्या खुलाशात दोन्ही शब्द येतात. माणूस 'गेर' आहे आणि मुलूख 'नोख्री' आहे. म्हणजे परकेपण मोशे स्वतःकडे घेत नाही, ते तो जमिनीकडे देतो. मराठीत याला 'परका'पेक्षा 'उपरा' जवळचा वाटतो. लक्ष्मण माने यांचं 'उपरा' १९८० साली आलं, तेव्हापासून मराठी वाचकाला या शब्दाचं वजन वेगळं सांगावं लागत नाही. परका कधी दारातून परत जाऊ शकतो. उपऱ्याला इथेच राहायचं असतं.

दुसरा शब्द 'शाम', म्हणजे 'तिथे'. गेर आणि शाम मिळून गेर्शोम, तिथला उपरा. इकडे यादीवाल्यांचं लक्षच जात नाही. 'इथला उपरा' असं नाव मोशेने ठेवलेलं नाही. 'तिथे' हा शब्द कोण वापरतो? ज्याच्या पायाखाली 'इथे' आहे तो.

तिसरी गोष्ट क्रियापदाची. ते भूतकाळी आहे. बहुतेक वाचक धरून चालतात की परमुलूख म्हणजे मिद्यान, मोशे तिथे दुःखी आहे आणि ते दुःख त्याने पोराच्या नावात भरलं. व्याकरणाने हे वाचन चालतं. पण दुसरंही चालतं: परमुलूख म्हणजे इजिप्त. जिथे जन्मलो, वाढलो, राजवाड्यात जेवलो, तिथे आपण उपरे होतो, हे या माणसाला मिद्यानात, बायकोच्या घरात, मांडीवर पोर आल्यावर कळतं. आम्ही दुसऱ्या वाचनाकडे झुकतो. त्याला आधार पुढच्या कायद्याचा आहे. त्याच पुस्तकाच्या तेविसाव्या अध्यायात उपऱ्यावर जुलूम करू नका असं बजावलं आहे आणि कारण दिलं आहे की तुम्ही इजिप्तमध्ये उपरे होता, त्याच्या जिवाला काय वाटतं ते तुम्ही जाणता. शब्द तोच, 'गेर'. क्रियापदही तेच, फक्त एकवचनाचं अनेकवचन झालं. बापाने पोराच्या बारशाला म्हटलेलं वाक्य अख्ख्या समाजाचं वाक्य झालं आणि त्यातून कायदा निघाला.

आणि चौथी गोष्ट, सगळ्यांत साधी. वाक्य कोणाविषयी आहे? बापाविषयी. 'मी उपरा होतो', 'तू उपरा आहेस' नव्हे. नकुशी आणि गेर्शोम यांतला फरक इथे आहे. नकुशीत बाप पोरीविषयी निकाल देतो. गेर्शोममध्ये बाप पोराला स्वतःची हकीकत सांगतो.

आता भाषाशास्त्रज्ञ मंडळी हात वर करतील. त्यांचं म्हणणं असं की गेर अधिक शाम ही कानाला गोड लागणारी फोड आहे, खरी व्युत्पत्ती नव्हे. खरा धातू ग-र-श, अर्थ हाकलणे, हुसकावणे. आदामाला बागेतून बाहेर काढलं तिथे हाच धातू आहे. घटस्फोटाला हिब्रूत 'गेरुशिन' म्हणतात, तोही याच धातूचा. १४९२ साली स्पेनमधून ज्यूंना घालवलं, त्या घटनेला 'गेरुश' म्हणतात. तेव्हा दुसऱ्या यादीतलं 'हद्दपार' हेच बरोबर आणि मोशेचा खुलासा म्हणजे लोकव्युत्पत्ती.

यात भाषाशास्त्र ठीक आहे, वाचन मात्र कच्चं आहे. कारण हा धातू निर्गमाच्या लेखकाला ठाऊक नव्हता असं मानावं लागतं. आणि तो तर पाच वचनं आधी तोच धातू वापरतो! विहिरीवर धनगरांनी मुलींना हुसकलं, तिथे मूळ शब्द आहे 'वयगारशूम'. गिमेल, रेश, शिन, मेम ही चारही व्यंजनं त्याच क्रमाने. हिब्रू ऐकणाऱ्याच्या कानात 'वयगारशूम' पडल्यावर पाच वचनांनी 'गेर्शोम' पडतं. हे नकळत झालं असं म्हणायला आम्ही तयार नाही.

आता पाहा काय होतं. 'उपरा' हे बापाचं वाक्य वर दिसतं. त्याच्या खाली 'हुसकलेल्या' हे दुसरं वाक्य ऐकू येतं, आणि त्या हुसकलेल्यांत सिप्पोरा होती. म्हणजे या पोराच्या नावात बापाची हकीकत आहे तशी आईचीही आहे. आणि त्या दोन्हींच्या मध्ये एक कृती आहे: हुसकलेल्यांसाठी एक उपरा उठून उभा राहिला. हे आमचं वाचन आहे, पटेल त्याने घ्यावं. पण 'परका' या एका शब्दाने यातलं काय काय गाळलं ते तरी दिसलं ना? विहीर गेली, धनगर गेले, आई गेली, उठून उभं राहणंही गेलं.

इथे थांबलो तर कथा फार गोड होईल. तशी ती नाही. या नावाचा वारसा पहिल्याच पिढीत घसरतो.

'शास्ते' या पुस्तकाचे सतरावा आणि अठरावा असे दोन अध्याय आहेत. बेथलेहेमचा एक तरुण लेवी पोट भरायला बाहेर पडतो. त्याची ओळख करून देताना मूळ शब्द येतात 'गार शाम', तिथे उपरा म्हणून राहत होता. कान टवकारले पाहिजेत, कारण हे नाव फोडून सांगितल्यासारखं आहे. एफ्राइमच्या डोंगराळ मुलखात मीखा नावाच्या माणसाने घरात मूर्ती बसवलेली असते. तो याला वर्षाला दहा शेकेल चांदी, कपडे आणि जेवण देऊन पुजारी ठेवतो. पुढे दान वंशाचे सहाशे हत्यारबंद लोक येतात, मूर्ती उचलतात आणि याला म्हणतात, एका घराचा पुजारी राहण्यापेक्षा अख्ख्या वंशाचा हो. हा आनंदाने निघतो. ती माणसं लईश नावाचं निवांत, कुणाच्या अध्यात ना मध्यात असलेलं गाव कापून काढतात, जाळतात, आणि त्याच जागी आपलं गाव वसवतात. हा तिथला पुजारी. दोन अध्याय याचं नाव सांगितलेलं नसतं. अगदी शेवटी येतं: योनाथान, गेर्शोमचा मुलगा, मनश्शेचा नातू.

मनश्शेचा? हिब्रू पोथ्यांत इथे विलक्षण प्रकार आहे. 'मनश्शे'मधला नून हा वर्ण ओळीत नाही, जरा वर टांगलेला आहे. तो काढला की उरतं 'मोशे'. तालमूदमध्ये शास्त्र्यांनी स्पष्टच म्हटलं आहे की हा मोशेचा नातू, पण त्याने कामं केली पुढच्या काळातल्या मनश्शे या मूर्तिपूजक राजासारखी, म्हणून नाव त्याला जोडलं. आजोबांची लाज राखायला एक अक्षर घुसवलं, आणि खोटं बोलायला नको म्हणून ते वर टांगून ठेवलं. पाठ राखण्यातला असा प्रामाणिकपणा फार थोड्या परंपरांत दिसतो.

तर नाव माणसाला घडवतं, असं म्हणणाऱ्यांना हे पहिलं उत्तर. ज्याच्या बापाच्या नावात हुसकलेल्यांची आठवण आहे, तो हुसकणाऱ्यांच्या पगारावर गेला. उपरेपण आपोआप माणुसकी शिकवत नाही. उलट ते कुणाच्याही दावणीला बांधून घ्यायला शिकवू शकतं. तालमूदने याची मख्खी बरोबर पकडली आहे. तिथे म्हटलं आहे की योनाथानच्या घरात एक वचन चालत आलं होतं: लोकांपुढे हात पसरण्यापेक्षा 'परक्या' कामाला लागावं. अर्थ असा की आपल्याला न शोभणारं, सवयीचं नसलेलं काम करायलाही लाजू नये. याने ऐकलं 'परक्या' देवाचं काम. शब्द तेच होते. वारसा नेमका मिळाला आणि उलटा वाचला गेला. त्याच परंपरेत पुढे असंही सांगतात की दावीद राजाच्या काळी तो वळला आणि खजिन्यावर नेमलेला शबुएल तो हाच. शबुएल, म्हणजे देवाकडे परतलेला. परतण्याची वाट परंपरेने उघडी ठेवली.

आता दोन हजार वर्षांची उडी मारतो, पण नाव सोडत नाही. जर्मनीतलं माइन्झ शहर, काळ साधारण ९६० ते १०४०. रब्बेनू गेर्शोम, गेर्शोम बेन येहुदा. याला लोक 'मेओर हागोला' म्हणत, परवासातला दिवा. ज्याच्या टीकांशिवाय आजही तालमूद शिकवला जात नाही, तो राशी याच्या शिष्यांच्या हाताखाली शिकला. १०१२ साली माइन्झहून ज्यूंची हकालपट्टी झाली. म्हणजे ग-र-श हा धातू याने पुस्तकात वाचला तसा गावातही पाहिला.

याच्या नावावर चार नियम सांगितले जातात. एक, एका पुरुषाने दुसरी बायको करू नये. दोन, बायकोच्या संमतीशिवाय तिला घटस्फोट देऊ नये. तीन, दुसऱ्याचं पत्र फोडून वाचू नये. चार, सक्तीने धर्म बदललेला माणूस परत आला तर त्याला त्याच्या गतकाळाची आठवण देऊन टोचू नये. यांतले कोणते नेमके त्याचे आणि कोणते नंतर त्याच्या नावाला जोडले गेले, यावर अभ्यासकांत मतभेद आहेत. तरी समाजाने हे चार या नावाखाली एकत्र ठेवले, याला अर्थ आहे. आणि दुसरा नियम पुन्हा ऐका. घटस्फोटाला शब्द काय? गेरुशिन, हुसकणं. ज्याच्या नावात हुसकण्याचा धातू आहे, त्याच्या नावाने बायकोला हुसकण्याच्या नवऱ्याच्या अधिकाराला लगाम घातला गेला. विहिरीवरच्या सिप्पोराची आम्हाला इथे आठवण होते. आणि चौथा नियम? तो योनाथानसाठी उघड्या ठेवलेल्या वाटेवरचा आहे. रब्बेनू गेर्शोमच्या स्वतःच्या मुलाने ख्रिस्ती धर्म घेतला आणि तो तसाच वारला, आणि बापाने त्याचा शोक सोडला नाही, असं परंपरा सांगते. परत येणाऱ्याला टोचू नका, असं ज्याच्या नावावर आहे त्याचा मुलगा परत आला नाही.

मधला एक गेर्शोम चटकन सांगून पुढे जातो. इटलीतला मुद्रक गेर्शोम सोन्चिनो. हिब्रू छपाईच्या पहिल्या पिढ्यांतलं मोठं नाव. याचा छापखाना गावोगाव हिंडला: ब्रेशिया, फानो, पेसारो, रिमिनी, मग सलोनिका, शेवटी कॉन्स्टँटिनोपल. तिथे तो १५३४ साली वारला. १४९४ साली ब्रेशियाला त्याने हिब्रू बायबल लहान, सहज नेता येईल अशा आकारात छापलं. मार्टिन ल्यूथरच्या हाताशी याच आवृत्तीची प्रत होती. ज्यांना कधीही उठून निघावं लागे, त्यांच्यासाठी ग्रंथाचा आकारही काही सांगतो.

विसाव्या शतकातला गेर्शोम मात्र नीट पाहू, कारण हे नाव त्याला मिळालं नव्हतं, त्याने ते घेतलं. गेर्शोम शोलेम. ज्यू गूढविद्येचा, कब्बालाचा, शास्त्रशुद्ध अभ्यास ज्याने उभा केला तो. १८९७ साली बर्लिनमध्ये जन्म, बाप मुद्रण व्यावसायिक, पक्का जर्मन देशभक्त. मुलाचं नाव ठेवलं गेरहार्ड. जुन्या जर्मनात 'गेर' म्हणजे भाला आणि 'हार्ड' म्हणजे बळकट. हा मुलगा हिब्रू शिकला, सियोनवादी झाला, पहिल्या महायुद्धाच्या विरोधात गेला. १९१७ च्या सुरुवातीला त्याचा भाऊ वेर्नर युद्धविरोधी निदर्शनात पकडला गेला. घरात रणकंदन झालं आणि बापाने एकाच घरात राहणाऱ्या या मुलाला रजिस्टर्ड पत्र पाठवून घराबाहेर काढलं. गेरुश, अक्षरशः. १९२३ साली तो जेरुसलेमला गेला. त्याच वर्षी लाइपझिगला छापलेल्या त्याच्या 'बाहिर'वरच्या पुस्तकावर नाव अजून गेरहार्ड शोलेमच आहे. जगाला तो पुढे गेर्शोम म्हणून माहीत झाला. भाल्याचा 'गेर' गेला, उपऱ्याचा 'गेर' आला. वेर्नर जर्मनीतच राहिला; १९४० साली बुखेनवाल्डच्या छळछावणीत मारला गेला.

इथे आमचा आक्षेप ऐका. शोलेमने हे नाव घेतलं ते 'घरी' जाताना. मग जेरुसलेममध्ये उपरा कोण? हा प्रश्न त्याला सुटलेला नव्हता, आणि त्याने तो दडपलाही नाही. १९२५ साली स्थापन झालेल्या 'ब्रित शालोम' या छोट्या गटात तो होता. अरब आणि ज्यू यांनी त्या भूमीत समान हक्काने राहावं असं या गटाचं म्हणणं. गट अल्पायुषी ठरला, राजकारण दुसऱ्या वाटेने गेलं. पण लईश जाळून गाव वसवणारी वाट आणि ही वाट यांत फरक आहे, एवढं त्या नावाच्या माणसाला कळत होतं.

आता आपल्या अंगणात या. कोकणातल्या बेने इस्राएल समाजाने या प्रश्नाला निराळंच उत्तर दिलं. शनिवारी घाणा बंद ठेवणारे तेली, म्हणून शनिवार तेली. त्यांनी शमुवेलचा सामाजी केला, मोशेचा मुसाजी केला. आणि आडनावं? पेणकर, दिवेकर, राजपूरकर, नवगावकर. हा 'कर' काय म्हणतो? 'तिथला'. 'तिथला उपरा' नव्हे, नुसता 'तिथला'. गेर्शोममधला 'शाम' ठेवला आणि 'गेर' गाळला! कोकणाने त्यांना तो गाळू दिला, हे कोकणाचंही भूषण. १७९६ साली मुंबईत त्यांचं पहिलं सिनेगॉग उभं राहिलं ते सामाजी हसाजी दिवेकर यांनी बांधलेलं. नावात हिब्रू, मराठी आणि गाव, तिन्ही.

पुढे १९४८ नंतर यांतले बरेच लोक इस्राएलला गेले. तिथे १९६२ ते १९६४ या काळात लग्नाच्या प्रश्नावरून धर्मपीठाने त्यांच्या पिढ्यांची चौकशी लावली: तुम्ही खरे ज्यू कशावरून? त्यांनी निदर्शनं केली, सत्याग्रहाच्या वाटेने झगडले आणि मान्यता मिळवली. पण पाहा, पेणला जे पेणकर होते ते वचनाच्या भूमीत जाऊन गेर ठरले. आणि तिथूनच 'मायबोली' नावाचं मराठी नियतकालिक निघत आलं. 'तिथे' हा शब्द किती सरकता असतो!

आता शेवटचा आक्षेप, जो आम्हीच आमच्यावर घेतो. कोणी म्हणेल, सर, तुम्ही नावांचं ज्योतिष मांडलंत. गेर्शोम होता म्हणून त्याने घटस्फोटाचा नियम केला वगैरे. नाही. नावातून आयुष्य निघत नाही. योनाथानने ते सिद्ध केलं आहे, आणि सोनुबाईनेही. जगात एकही गेर्शोम असा नाही ज्याच्याविषयी नावावरून भाकीत करता यावं. तिथे मिल शंभर टक्के बरोबर. आमचं म्हणणं उलट दिशेचं आहे. नावातून माणूस ठरत नाही, माणसांतून नाव भरत जातं. गेर्शोम या नावात आज माइन्झचे चार नियम आहेत, ते मोशेने ठेवले तेव्हा नव्हते. यादीतला एक शब्द म्हणजे भरलेल्या कणगीच्या दारावरची खडूची खूण. खूण खोटी नाही. पण खुणेवरून कणगी रिकामी म्हणणं हे आळसाचं काम, आणि तो आळस त्या रात्री फोनवर आम्हीच केला होता.

त्या मुलीला आम्ही नंतर पत्र लिहिलं. नाव ठेव किंवा ठेवू नको हे लिहिलं नाही, तो अधिकार आमचा नाही. एवढंच लिहिलं की 'माझ्या मुलाला परका कसं म्हणू' या प्रश्नात एक चूक आहे. नाव ठेवणारा मुलाला उपरा म्हणत नव्हता, तो स्वतःविषयी बोलत होता. तूही स्वतःविषयीच बोलशील. तू तिथे उपरी आहेस हे तू रात्री दोन वाजता फोनवर मला सांगितलंस. पोराला सांगायला काय हरकत? फक्त नाव ठेवलंस तर यादीतला शब्द सांगू नकोस. विहिरीची गोष्ट सांग. कोणी कोणाला हुसकलं, कोण उठून उभं राहिलं, आणि त्या मुलींमध्ये त्याची आई होती, हे सांग. योनाथानचीही सांग, म्हणजे नाव मिळालं की काम झालं असं त्याला वाटणार नाही.

तिने काय ठरवलं ते तिच्या घरचं आहे, इथे सांगत नाही. तिचं उत्तर मात्र आलं. त्यात एकच वाक्य होतं: "सर, सासूबाईंना विहिरीची गोष्ट माहीत नव्हती, त्यांना मी सांगितली."

इथे थांबतो. प्रश्न असतील तर घेऊ.